वाढदिवस कोणाचा?

आनंद ही मोठी चमत्कारिक वस्तु आहे. दुःख झालें असतां मनुष्य पुष्कळदां एकांत शोधतो. परंतु आनंद झाला कीं त्यास चार माणसांची आठवण होते. घरांत मूल जन्मलें कीं पेढे-बर्फी घेऊन शेजाऱ्याच्या दारीं जावेंसें वाटतें, आणि शेजाऱ्याचें तोंड गोड झाल्यावांचून आपलें तोंड पुरतें गोड झालें असें वाटत नाहीं. सर्व उत्सवांचें मूळ ह्या एका प्रवृत्तींत आहे, आणि ती प्रवृत्ति थोर आहे. परंतु आनंद वांटून घेण्याची इच्छा निराळी, आणि आपणांस आनंद झाला आहे हें लोकांस पटविण्याची इच्छा निराळी. पहिलींत शेजारी हा भागीदार असतो. दुसरींत तो केवळ प्रेक्षक, किंबहुना पंच असतो. ह्या दोन इच्छा बाहेरून इतक्या सारख्या दिसतात कीं, एकीची जागा दुसरीनें केव्हां घेतली हें घरच्या माणसांसही कळत नाहीं. आजकाल ही अदलाबदल मुलांच्या वाढदिवसांत जितकी उघड दिसते तितकी दुसरीकडे क्वचितच दिसत असेल. विषय वरवर पाहतां पोरकट वाटेल. पण पोरांचा विषय पोरकट असतोच असें नाहीं.

प्रथम वस्तुस्थिति पाहूं. शहरांतल्या, आणि आतां तालुक्याच्या गांवांतल्याही, मध्यम स्थितीच्या कुटुंबांत मुलाचा वाढदिवस कसा होतो हें वाचकांस सांगावयास नको. महिनाभर आधीं सभागृह ठरतें. कोणत्या ‘थीम’वर सजावट करावयाची ह्याचा खल होतो. फुग्यांची कमान, मुलाच्या छायाचित्राचा फ्लेक्स, दोनतीन मजली केक, ध्वनिवर्धक घेऊन पाहुण्यांच्या मुलांस टाळ्या वाजवावयास लावणारा एक भाडोत्री उत्साही गृहस्थ, आणि परत जातांना प्रत्येक मुलाच्या हातीं ठेवावयाचें ‘रिटर्न गिफ्ट’, असा हा सरंजाम असतो. उत्सवमूर्ति मात्र अंगास टोंचणाऱ्या कपड्यांत एका उंच खुर्चीवर बसलेली असते. केक रात्रीं साडेआठास कापला जातो. कारण मोठी माणसें तोपर्यंत जमत नाहींत. बालकाची झोंपेची वेळ टळून गेलेली असते. सुरी त्याच्या हातीं देऊन वरून आपला हात धरला जातो, आणि छायाचित्र नीट आलें नसेल तर कापलेला केक पुन्हां कापविला जातो. मूल रडलें तर त्यास हांसवितात. तें हांसावें म्हणून नव्हे, तर हांसतांना दिसावें म्हणून.

ह्या सर्वांत अनीति ती कोणती, असा प्रश्न कोणीही विचारील. पैसा ज्याचा त्याचा, मूल ज्याचें त्याचें. प्रश्न योग्य आहे, आणि त्याचें उत्तर खर्चाच्या आंकड्यांत सांपडणार नाहीं. खर्चिकपणाचा निषेध करून मोकळें होणें फार सोपें. पण जो निषेध सोपा असतो तो बहुधा चुकीच्या ठिकाणीं बसतो. ॲरिस्टॉटलनें आपल्या नीतिशास्त्राच्या चौथ्या भागांत मोठ्या खर्चास गुण मानिलें आहे. अट एवढीच कीं, खर्च प्रसंगास शोभला पाहिजे. मित्रमंडळींच्या साध्या भोजनावर जो लग्नाच्या मेजवानीइतका खर्च करतो, त्याच्या पदरीं तो गुण पडत नाहीं. कारण तो प्रसंगासाठीं खर्च करीत नसून आपली श्रीमंती दाखविण्यासाठीं करीत असतो. ह्याच विवेचनांत मुलांचें एक लहानसें उदाहरण आलें आहे. सुंदरांत सुंदर चेंडू ही लहान मुलास द्यावयाची भव्य देणगी होय, जरी त्याची किंमत क्षुल्लक असली तरी. ह्या एका दृष्टान्तांत सारें मर्म आलें. देणगीची भव्यता घेणाऱ्याच्या मापानें मोजावयाची असते; देणाऱ्याच्या ऐपतीनें किंवा पाहणाऱ्याच्या कौतुकानें नव्हे. चार वर्षांच्या मुलाचें माप काय असतें? दोन हात, तीनचार सोबती, आणि जें आपणांस करतां येईल असें कांहीं तरी.

‘करतां येईल असें’ हे शब्द आम्ही मुद्दाम घालतों. मुलाचा आनंद मिळण्यांत नसून करण्यांत असतो, हें मारिया मॉन्टेसरीबाईंनीं ज्या बारकाव्यानें दाखविलें त्यास तोड नाहीं. रोम शहराच्या गरीब वस्तींत 1907 सालीं त्यांनीं आपलें पहिलें बालगृह उघडलें. 1939 सालीं त्या हिंदुस्थानांत आल्या आणि येथें त्यांनीं अनेक शिक्षकांस तयार केलें. त्यांच्या ग्रंथांत एक प्रसंग आहे. पाण्याच्या भांड्यांत कांहीं खेळणीं तरंगत होतीं आणि मुलें त्याभोंवतीं गर्दी करून उभीं होतीं. अडीच वर्षांचा एक मुलगा मागें राहिला. त्यानें गर्दींत शिरण्याचा यत्न केला, तो फसला. मग त्यानें विचार केला, आणि जवळची लहान खुर्ची त्याच्या नजरेस पडतांच त्याचा चेहरा आशेनें उजळला. तो खुर्चीकडे निघाला, इतक्यांत शिक्षिकेनें कींव येऊन त्यास उचललें आणि वरून खेळणीं दाखविलीं. मुलास खेळणीं दिसलीं. पण त्याच्या चेहऱ्यावरची ती आशा, ती धडपड, तो आनंद सारा मावळला. जें पाहावयाचें होतें तें त्यानें पाहिलें, आणि जें मिळवावयाचें होतें तें गमावलें. त्या शिक्षिकेच्या दयाळूपणाविषयीं शंका घेण्याचें कारण नाहीं. आजच्या आईबापांच्या प्रेमाविषयींही आम्ही शंका घेत नाहीं. परंतु सजविलेल्या सभागृहांत उंच खुर्चीवर बसविलेलें मूल हें त्या उचललेल्या मुलाचेंच भावंड होय: त्यास सर्व कांहीं दिसतें, आणि करावयास कांहीं उरत नाहीं.

रवींद्रनाथांनीं आपल्या बालपणाविषयीं सांगितलेली हकीकतही येथें आठवते. तीं मुलें क्षुल्लक वस्तूंचीं खेळणीं करीत आणि त्यांतून आपले खेळ रचीत. पुढें एका सोबत्याकडे इंग्रजी दुकानांतून आणलेलें मोठें, हुबेहूब खेळणें आलें. तेव्हांपासून त्या सोबत्यास खेळण्याचा अभिमान वाटूं लागला आणि खेळाचा विसर पडला. ती मौल्यवान वस्तु इतरांपासून जपण्यांतच त्याचा वेळ जाऊं लागला. खेळणें आलें आणि खेळ गेला! ह्याहून नेमकें निदान कोणी केलें असल्यास आम्हांस ठाऊक नाहीं. वाढदिवसाचेंही तेंच होतें: सोहळा येतो आणि सण जातो.

आमच्याकडे ह्याची उलट बाजू समजण्यास फार दूर जावयास नको. दिवाळींत मुलें अंगणांत किल्ला करतात. दगड, विटा, गोणपाट, कालवलेली माती. बुरूज ढांसळतो, पुन्हां लिंपतात. उतारावर अळीव किंवा मोहरी पेरून ती उगवण्याची वाट पाहतात. शेवटीं शिखरावर महाराज आणि पायऱ्यांवर मावळे. चार दिवस हात मातींत असतात, भांडणें होतात, मिटतात. आतां बाजारांत तयार किल्लेही मिळतात, आणि ते मुलांनीं केलेल्यांपेक्षां निःसंशय अधिक सुबक असतात. त्यांत एवढेंच उणें असतें कीं, ते कोणीं केलेले नसतात. भोंडल्याची खिरापत घ्या. डब्यावर झांकण असतें, आणि आंत काय आहे हें मुलींनीं ओळखावयाचें. गोड कीं तिखट, पातळ कीं कोरडें, असें विचारतां विचारतां जो कल्लोळ होतो त्याची किंमत डब्यांतल्या पदार्थाच्या किंमतीवर अवलंबून नसते. वाटलेल्या डाळीनेंही तो होतो. आणि बोरन्हाण! संक्रांतीपासून रथसप्तमीपर्यंत केव्हांतरी लहानग्यास हलव्याचे दागिने घालून पाटावर बसवावयाचें आणि त्याच्या डोक्यावरून बोरें, चुरमुरे, उसाचे करवे ओतावयाचे. येथें मूल मध्यभागीं असतें, सजलेलें असतें, सर्वांच्या नजरा त्याच्यावर असतात. म्हणजे देखावा आहेच. पण बोरें खालीं पडतांच भोंवतालचीं मुलें त्यांवर तुटून पडतात, आणि पाटावरचें मूलही सांपडेल तें बोर तोंडांत घालतें. पाहणारे कोण आणि खेळणारे कोण हा भेद क्षणांत पुसला जातो. उत्तम बालोत्सवाचें लक्षण हेंच कीं, त्यांत प्रेक्षक उरत नाहीं. अर्थात् कोणतीही रीत स्वतःचें रक्षण करूं शकत नाहीं; सभागृहांत, छायाचित्रकाराच्या सोयीनें केलेलीं बोरन्हाणेंही आतां होतात.

वाढदिवसाच्या जुन्या विधींतही कर्तेपणाचा हा अंश होता. जन्मतिथीस मार्कंडेयाचें आणि सात चिरंजीवांचें स्मरण करावयाचें, तीळ व गूळ घातलेलें दूध प्यावयाचें, औक्षण झालें कीं वडील माणसांच्या पायां पडावयाचें. त्या जुन्या काळाचे गोडवे गाण्याचा आमचा हेतु नाहीं. त्या काळीं पुष्कळ घरांत मुलींच्या जन्मतिथीची कोणास आठवणही नसे. परंतु त्या विधीमागची भावना ध्यानांत घेण्याजोगी आहे. स्वातंत्र्य मिळालें त्या सुमारास ह्या देशांत जन्मणाऱ्या जीवाचें सरासरी आयुर्मान बत्तीस वर्षांच्या आसपास होतें. आज तें सत्तरीच्या आसपास आहे. जेथें पाळण्यांतलें मूल पुढच्या वर्षीं दिसेल कीं नाहीं ह्याची खात्री नव्हती, तेथें ‘आणखी एक वर्ष पार पडलें’ ही कृतज्ञता हाच वाढदिवसाचा गाभा होता. ती धास्ती गेली, हें उत्तमच झालें. पण धास्तीबरोबर कृतज्ञताही गेली, आणि मोकळ्या झालेल्या जागीं स्पर्धा येऊन बसली.

आतां आक्षेपांचा विचार करूं. पहिला आक्षेप असा कीं, लहान मुलास पहिला किंवा दुसरा वाढदिवस आठवतच नाहीं. तेव्हां तो आईबापांच्या हौसेनें आणि छायाचित्रांच्या सोयीनें झाला तर बिघडलें काय? मोठ्या माणसांस आठवणारी सर्वांत जुनी गोष्ट बहुधा तिसऱ्या-चौथ्या वर्षाच्या अलीकडची असते, हें मानसशास्त्राचें म्हणणें खरें आहे. पण त्यावरून निघणारें अनुमान नेमकें उलट आहे. जें आठवणार नाहीं तें अनुभवास येत नाहीं असें नाहीं. नाहीं तर तान्ह्या मुलाच्या पोटदुखीवर औषध देण्याचेंही प्रयोजन उरणार नाहीं. उलट, ज्याच्यापाशीं ह्या दिवसाची आठवण राहावयाची नाहीं त्याच्यापाशीं ह्या दिवसाचा केवळ वर्तमान क्षणच आहे. तोही आपण पुढील आठवणींच्या साठवणीसाठीं हिरावून घ्यावा, म्हणजे ज्याच्याजवळ एकच नाणें आहे त्याच्याकडून तेंच मागून घेण्यासारखें झालें.

दुसरा आक्षेप अधिक भारदस्त आहे. वाढदिवस एकट्या मुलाचाच कां? त्या दिवशीं एक स्त्री आई झाली, एक पुरुष बाप झाला. त्यांस आपले आप्तेष्ट जमवून आनंद करण्याचा अधिकार नाहीं काय? आहे, आणि तो पूर्ण आहे. ज्यांनीं स्वतः हालअपेष्टांत दिवस काढले, ज्यांचे वाढदिवस कोणीं केले नाहींत, अशा आईबापांस आपल्या लेकराचा दिवस थाटानें व्हावा असें वाटलें तर त्यास हांसणारा मनुष्य आम्ही कठोर हृदयाचा समजूं. समाजानें ज्यांस वर्षानुवर्षें मान दिला नाहीं त्यांनीं एक दिवस चारचौघांत मान मिळवावा, ह्यांत गैर कांहीं नाहीं. आमचें म्हणणें इतकेंच कीं, मोठ्यांचा आनंद मोठ्यांनीं आपल्या नांवानें करावा. आप्तेष्टांस भोजन घालावें, मित्रांस बोलवावें, हवें तर रात्रीं उशिरापर्यंत बसावें. पण मूल वेळेवर झोंपलेलें असावें. एका दिवसाचे दोन आनंद वेगळे केले तर दोन्ही निर्मळ राहतात. दोन्ही एकत्र कालवले कीं मूल हें साध्य न राहतां साधन होतें. आणि माणसास केवळ साधन म्हणून वागवूं नये हा कांटचा दंडक वयाची अट घालीत नाहीं.

तिसरा आक्षेप खुद्द मुलांच्या नांवानें केला जातो: मुलांसच थाट हवा असतो. हें अर्धें सत्य आहे. मुलास देखावा आवडतो ह्यांत संशय नाहीं. जत्रा, सर्कस, गणपतीची आरास पाहतांना त्याचे डोळे कसे विस्फारतात! पण देखावा पाहणें आणि देखावा होणें ह्यांत फार अंतर आहे. जत्रेंत मूल स्वतःस विसरतें; आपल्याच फ्लेक्सखालीं बसलेल्या मुलास स्वतःस विसरण्याची मुभा नसते. आपण कसे दिसतों, आपल्याकडे किती जण आले, अमक्याच्या केकपेक्षां आपला मोठा कीं लहान, हे विचार त्याच्या ठायीं आपणच रुजवितों. आणि मग तें थाट मागूं लागलें म्हणजे ‘हल्लींचीं मुलें ऐकत नाहींत’ असा सुस्कारा टाकतों.

ह्या स्पर्धेचा सर्वांत मोठा भार ज्याच्यावर पडतो तो मात्र त्या सभागृहांतील पाहुण्यांच्या रांगेंत, हातांतली लहानशी पुडी मागें लपवून उभा असतो. त्यास आपल्या भेटीची किंमत ठाऊक झालेली असते. मिळालेलें रिटर्न गिफ्ट त्यानें आणलेल्या भेटीहून महाग असलें तर त्याच्या पदरीं उपकार पडतो, स्वस्त असलें तर हिशेब पडतो. स्नेह कोणत्याच बाजूनें पडत नाहीं. सहा वर्षांच्या जीवास गरिबीची पहिली लाज मित्राच्या वाढदिवशीं वाटावी, ही आमच्या मतें ह्या प्रकरणांतील खरी अनीति होय. बाकी सारें अविवेकांत मोडेल. हें मोडत नाहीं.

येथें एक सावधगिरीची सूचना केली पाहिजे. देखाव्याचा कंटाळा आला म्हणून कित्येक सुशिक्षित कुटुंबें साधेपणाकडे वळतात, आणि साधेपणाचाच देखावा करतात. मुलास घेऊन अनाथाश्रमांत जावयाचें, तेथील मुलांस ओळीनें बसवून त्यांच्याकडून गाणें म्हणवावयाचें, केक वांटतांना छायाचित्रें काढावयाचीं आणि तासाभरांत परत यावयाचें, हा प्रकार हेतूनें कितीही चांगला असला तरी त्यांत ज्यांचे वाढदिवस कोणी करीत नाहीं त्यांस दुसऱ्याच्या वाढदिवसाचे प्रेक्षक केलें जातें. द्यावयाचें असेल तर अवश्य द्यावें. पण मुलाचें नांव आणि तोंड पुढें न करतां द्यावें. आणि मुलांस मुलांजवळ न्यावयाचें असेल तर बरोबरीनें खेळावयास न्यावें, एकदां नव्हे, वारंवार न्यावें.

मग करावें तरी काय? ज्या गाण्यावांचून आज केक कापला जात नाहीं त्याच्या चालीचा इतिहास ह्या कामीं बोधप्रद आहे. अमेरिकेंतील केंटकी प्रांतांत हिल आडनांवाच्या दोन बहिणी होत्या. त्यांतील एक बालवर्ग चालवी. लहान मुलांच्या गळ्यास सहज पेलेल अशी चाल त्यांनीं बसविली, आणि सकाळच्या नमस्काराचें गाणें म्हणून ती 1893 सालीं प्रसिद्ध झाली. वाढदिवसाचे शब्द त्या चालीस मागाहून जोडले गेले. पुढें त्या गाण्यावर मालकी सांगून एक कंपनी पैसे घेऊं लागली, आणि 2015 सालीं तेथील न्यायालयानें ती मालकी अमान्य केली. मुलांनीं स्वतः गावें म्हणून जें केलें तें विकाऊ वस्तु झालें, आणि आज सभागृहांत तें पुष्कळदां यंत्रच गातें. उपाय ह्या इतिहासांतच आहे: जें जें यंत्राकडे, बाजाराकडे आणि भाडोत्री माणसाकडे गेलें आहे, तें तें मुलांच्या हातीं परत द्यावें.

मुलाच्या वयाइतकेच सोबती बोलवावे. पांच वर्षांच्या मुलास पांच मित्र पुष्कळ झाले. वेळ दुपारची किंवा सकाळची ठेवावी. त्यांस कांहीं करावयास द्यावें: लाडू वळावे, कणकेचे आकार करावे, कागदाचीं होडकीं करून पाण्यांत सोडावीं, मातीचा किल्ला वर्षांतून दुसऱ्यांदा बांधावा, जवळच्या टेकडीवर चढावें, झांकलेल्या डब्यांतील खाऊ ओळखावा. ताराबाई मोडकांनीं 1945 सालीं बोर्डी येथें ग्रामीण बालशिक्षणाचें काम आरंभिलें, तेव्हां शिंपले, खडे, पानें, बिया हेंच त्यांचें साहित्य होतें. तेवढ्या साहित्यावर ज्यांची शाळा चालली त्यांचा वाढदिवस चालणार नाहीं काय? भेटी आणूं नयेत असें सांगावें, किंवा प्रत्येकानें स्वतः केलेली वस्तुच आणावी असें ठरवावें. घरांतल्या एकानें एखादें छायाचित्र काढून यंत्र खिशांत ठेवावें. लाडू वेडेवांकडे होतील, होडकें बुडेल, कोणी पडेल, कोणी रुसेल. ह्या सर्वांस वाव असणें हीच खऱ्या उत्सवाची खूण होय. देखाव्यांत चुकीस जागा नसते, आणि जेथें चुकीस जागा नाहीं तेथें बालपणासही नाहीं.

हें सर्व करणें सभागृह ठरविण्यापेक्षां सोपें आहे असें मात्र कोणी समजूं नये. पैशाऐवजीं येथें वेळ द्यावा लागतो, आणि लोक काय म्हणतील हा प्रश्न अनुत्तरित ठेवण्याचें धैर्य लागतें. त्यांतही दुसरा खर्च पहिल्याहून जड आहे. परंतु आईबापांपाशीं मुलास देण्याजोगें जें कांहीं आहे त्यांत ह्या धैर्याहून मौल्यवान असें फार थोडें असेल. आपण कोणास दिसत नसतांनाही आपला दिवस पुरा भरलेला असूं शकतो, ही गोष्ट ज्या मुलास घरांतच कळली त्यास पुढील आयुष्यांत अनेक भयें शिवणार नाहींत.

असो. वाढदिवस कोणाचा, ह्या प्रश्नाचें उत्तर शब्दांनीं देण्याची गरज नाहीं. दिवस मावळतांना कोणाचे हात मळलेले आहेत आणि कोणाचे पाय दमलेले आहेत एवढें पाहिलें म्हणजे पुरे. मूल मळलेलें आणि दमलेलें असेल, आणि निजतांना ‘उद्यांही असेंच करूं’ म्हणत असेल, तर तो दिवस त्याचा झाला. तें स्वच्छ आणि इस्त्रीचें असून आईबापच तेवढे थकलेले असतील, तर दिवस कोणाचा झाला हें त्यांनीं आपल्याशींच विचारावें.